भूगोल, हिंदी सिनेमाच्या सौजन्याने

भूगोल पोरांना जड जातो, अशी पालकांची कायमची रड असते. उपाय सोपा आहे. पुस्तक रद्दीत घालावं आणि हिंदी विनोदी सिनेमे दाखवावेत. तीन तासांत अख्खा देश तोंडपाठ. पंजाबी असेल तर दणक्यात बोलतो नि भांगडा करतो. गुजराती हिशेब मांडता मांडता ढोकळा खातो. बंगाल्याचा मासा त्याच्या 'ओ'काराइतकाच मोठा. आणि विंध्याच्या खाली उरतो तो सगळा 'मद्रासी': लुंगी, भस्म, 'अय्यय्यो'. तमिळ, तेलुगू, कन्नड, मल्याळम असा फापटपसारा हवाय कशाला?

या शास्त्राचा मूळ ग्रंथ १९६८चा 'पडोसन'. मेहमूदचा मास्टर पिल्लई सायराबानूला गाणं शिकवतो. समोरच्या खिडकीत सुनील दत्तचा भोला. त्याला 'सा' कुठला नि 'रे' कुठला, पत्ता नाही. तो नुसते ओठ हलवतो. गातो मागे लपलेला किशोरकुमार. अशा त्या सामन्यात हरतो कोण? ज्याला खरंच गाणं येतं तो! गळा तयार असून उपयोग काय, हिंदी वाकडं होतं ना त्याचं.

मग २०१३ साली आली 'चेन्नई एक्सप्रेस'. शाहरुखचा राहुल कल्याणला उतरून मित्रांबरोबर गोव्याला सटकणार असतो, पण गाडीच त्याला दक्षिणेत घेऊन जाते. तिथं काय, तर धिप्पाड देह, कोयते आणि डोळे वटारलेले सासरे. पंचेचाळीस वर्षांत हिंदी सिनेमा तमिळनाडूपर्यंत पोचला खरा, त्याची अक्कल मात्र कल्याणलाच उतरली.

आणि या नकाशात आपण कुठे? भांडी घासायला बाई, सलाम ठोकायला हवालदार. मराठी पडद्यावर हाउसफुलचे बोर्ड लावणारा लक्ष्मीकांत बेर्डे 'हम आपके हैं कौन'मध्ये नोकर लल्लू झाला. मराठी माणूस नायक झालाच, तर 'सिंघम'सारखी त्याची सटकलेली असावी लागते. साहजिकच आपली अस्मिता दुखावते, निषेधाची पत्रकं निघतात. निघायलाच हवीत.

फक्त ती प्रमाण मराठीत असावीत, कारण आपल्याकडे घरगड्यानं मालवणीत बोलायचं, बावळटानं वऱ्हाडीत, आणि शुद्ध बोलणाऱ्यानं नायिकेशी लग्न करायचं, हे आधीच ठरलेलं आहे. यावर उद्या कुडाळहून नाहीतर अकोल्याहून कुणी तक्रार केलीच, तर उत्तर तयार आहे: 'अहो, विनोद विनोदासारखा घ्या की!' हेच उत्तर हिंदीवाल्यांनी दिलं, की मात्र आपली सटकते.