गेटवरचं वैचित्र्य

साध्या शब्दाने काम भागत असताना अवघड शब्द उचलायचा, ही माझी जुनी खोड. लग्नानंतर ती जाईल अशी आईला आशा होती, पण नव्या नवरीने "भाजी कशी झालीय?" असं हौसेने विचारलं, मी "रुचिर" म्हणालो, तिने त्याचा अर्थ मीठ कमी आहे असा घेतला आणि पातेल्यात चमचाभर मीठ घालून ती भाजी मलाच संपवायला लावली, तेव्हा आमच्या संसाराची दिशा ठरली. तेव्हापासून घरात माझं बोलणं एकदा मराठीत करून घ्यायची पद्धत आहे.

यात थोडा दोष या गावाचाही आहे. इथे वामन शिवराम आपट्यांनी फर्ग्युसनचं प्राचार्यपद सांभाळत १८९० साली आपला संस्कृत-इंग्रजी कोश काढला आणि पुढच्या दोन वर्षांत, पस्तिशीही न गाठता, ते गेलेसुद्धा. (त्या वयात मी स्कूटरचं लायसन काढायच्या खटपटीत होतो, आणि तेही एजंटामार्फत.) इथेच दाते आणि कर्वे या जोडीने १९३२ ते १९३८ मध्ये महाराष्ट्र शब्दकोशाचे सात खंड हातावेगळे केले. आणि येरवड्याला डेक्कन कॉलेजात १९४८ पासून संस्कृतचा एक महाकोश चाललाय, ज्यासाठी दीडेक हजार ग्रंथ धुंडाळून कोटीच्या घरात चिठ्ठ्या लिहिल्या गेल्या, पहिला खंड १९७६ मध्ये निघाला, आणि पस्तीस खंड झाले तरी मुक्काम 'अ' या अक्षरावरच आहे. अशा गावात राहून फक्त 'छान' आणि 'मस्त' यांवर दिवस काढायचे म्हणजे मला देशद्रोह वाटतो.

तर गणपतीच्या आधी आमचे सेक्रेटरी घरी आले. कर्वेनगरातली आमची सोसायटी तशी जुनी, पण गेल्या काही वर्षांत मूळचे लोक मुलांकडे नाहीतर देवाकडे गेले आणि त्यांच्या जागी कुठकुठची मंडळी आली: दुसऱ्या मजल्यावर नागपूरचे, त्यांच्या डोक्यावर जळगावचे, समोर एक तमिळ कुटुंब, बी विंगेत सिंधी, बिहारी आणि एक सावंतवाडीकर, जे स्वतःला या सगळ्यांपासून वेगळे समजतात. यंदा उत्सवात एका संध्याकाळी प्रत्येक घराने आपापल्या मुलखाचा एक पदार्थ करून आणायचा, असं ठरलं होतं. "नाव तेवढं सुचवा," सेक्रेटरी म्हणाले. "'विविधतेत एकता' नको. ते शेजारच्या सोसायटीने गेल्या वर्षी वापरलंय."

इथेच मी "मग 'स्वाद' ठेवा" म्हणून चहा पुढे केला असता, तर आज लिफ्टमध्ये लोक माझ्याशी बोलत असते.

मी विचाराला बसलो. 'वैविध्य' हा शब्द लक्ष्मी रोडच्या साडीवाल्यांनी चोळामोळा करून टाकलेला. 'अठरापगड' हा अस्सल मराठी, अठरा तऱ्हांच्या पगड्या डोळ्यांसमोर उभा करणारा शब्द; पण त्याच्या मागोमाग 'जाती' हा शब्द न बोलावता येतो आणि सोसायटीत तो विषय कुणी उघडपणे काढत नाही. मग मला 'नानात्व' आठवला. नाना म्हणजे अनेक, त्यांचं असणं ते नानात्व. मी तो बायकोला ऐकवला.

"नाना कशाला मध्ये?" ती म्हणाली.

आमच्या चेअरमनना सगळे नाना म्हणतात. 'नानात्व' असं गेटवर लिहिलं तर त्यांच्या पंच्याहत्तरीचा कार्यक्रम आहे असं समजून लोक शाली घेऊन येतील, हे तिचं म्हणणं मला पटलं. शिवाय बृहदारण्यक उपनिषदात, इथे नाना असं काही नाहीच, असं स्वच्छ सांगून ठेवलंय. ते कुणी नानांच्या कानावर घातलं असतं तर मेंटेनन्सच्या थकबाकीवरची माझी सवलतही गेली असती.

शेवटी मी आपट्यांचा कोश काढला. म्हणजे बेडरूमच्या दारापाशी वाकून उचलला, कारण वाऱ्याने दार आपटू नये म्हणून आमच्याकडे आपटेच लावतात. 'विचित्र' पाहिला आणि माझं भान हरपलं. पहिला अर्थ रंगीबेरंगी, ठिपक्याठिपक्यांचा. मग नाना प्रकारचा. मग चितारलेला, सुंदर. आणि आपण दिवसभर ज्या अर्थाने तो एकमेकांना मारून फेकतो तो 'अजब' हा अर्थ बिचारा पार शेवटाकडे. त्यावरून 'वैचित्र्य': एकसारखेपणाचा अभाव, रंगांची, रुचींची नानाविधता. शब्द जुना, दुर्मिळ, अर्थ नेमका. कश्मीरच्या कुंतकाने काव्याचे तीन मार्ग सांगितले त्यातल्या एकाचं नावच मुळी विचित्र मार्ग. दुसरे दोन सुकुमार आणि मध्यम. मी हे जेवताना मोठ्या आनंदाने सांगितलं.

"बाबा, तुमचा कुठला ते कळलं," मुलगी ताटातून मान वर न करता म्हणाली.

सेक्रेटरींना मी अर्थ फोनवर समजावला. पण ते तेव्हा मांडववाल्याशी भांडत होते आणि त्यांनी "हो हो, तेच टाका" असं म्हटलं ते मला होतं की मांडववाल्याला, याची खातरी करून घ्यायला हवी होती. मजकूर मी व्हॉट्सअ‍ॅपवर फ्लेक्सवाल्याकडे धाडला. त्या पोराने "काका, वैचित्र की वैचित्र्य?" एवढंच विचारलं. 'त्र' ला 'य' नीट जोडायला मी त्याच्या खुर्चीमागे उभा राहून बराच वेळ घालवला, त्याच्या फॉन्टमध्ये ते जोडाक्षर फुटत होतं, तेव्हा तीन-चार फॉन्ट बदलायला लावले, ऱ्हस्व-दीर्घ तपासलं आणि कृतकृत्य होऊन घरी आलो. बाकीची मांडणी त्याच्यावर सोडली. बाकीची मांडणी म्हणजे काय, याचा मी विचार केला नव्हता.

पुण्यातला फ्लेक्स कसा असतो ते तुम्हाला ठाऊक आहे. वर देव, मध्ये मजकूर, खाली माणसं. दुसऱ्या दिवशी सकाळी दूध आणायला खाली उतरलो तेव्हा गेटच्या डोक्यावर, कमानीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत तो लागलेला होता. वर गणपती. त्याखाली, अजिबात न फुटलेल्या जोडाक्षरात, हातभर उंचीचं, लाल रंगाला पिवळी कड दिलेलं 'वैचित्र्य'. त्याखाली गोल चौकटींत आमच्या अख्ख्या कमिटीचे फोटो, मधोमध हात जोडलेले नाना, त्यांच्या डाव्या हाताला गॉगल लावलेले खजिनदार. आणि सगळ्यात तळाशी, माझ्या मजकुरातली शेवटची ओळ: 'एकदा अवश्य पाहा.' शब्द आणि चेहरे यांच्यामध्ये मी लिहिलेलं 'खाद्यसंस्कृतीचे' वगैरे सगळं जागेअभावी गळालं होतं.

समोरच्या चहाच्या टपरीवर गिऱ्हाईक वाढलं होतं. सगळे आमच्या गेटकडे तोंड करून उभे होते.

संध्याकाळी कमिटीची तातडीची सभा भरली. मला बोलावलं नव्हतं, आणलं होतं. मी शांतपणे सुरुवात केली. म्हटलं, नाना, तुम्ही रोज सकाळी शिवमहिम्न म्हणता, त्याच्या सातव्या श्लोकात हाच शब्द याच अर्थाने आलाय: माणसांच्या आवडीनिवडी निराळ्या, म्हणून कुणी सरळ वाटेने जातो कुणी वाकड्या, पण नद्या जशा समुद्राला तसे सगळे शेवटी तुलाच येऊन मिळतात. म्हटलं, ११ सप्टेंबर १८९३ ला विवेकानंदांनी शिकागोच्या सर्वधर्म परिषदेत साऱ्या जगासमोर हाच श्लोक सांगितला. नाना ऐकत होते. मला वाटलं, जिंकलो.

"ते संस्कृतात," नाना म्हणाले. "संस्कृतात काहीही चालतं. फ्लेक्स मराठीत आहे."

यावर गप्प बसायचं की नाही? पण मी कोश उघडलेला माणूस. मी म्हणालो की मूळ 'चित्र' म्हणजे ठिपकेदार, रंगीत. म्हणून तर ठिपक्यांच्या हरणाला आपण चितळ म्हणतो आणि चित्त्याला चित्ता, तेव्हा या फ्लेक्सकडे त्या दृष्टीने पाहावं. सगळ्यांनी पाहिलं. खजिनदारांच्या पत्नी, ज्यांच्या चेहऱ्यावर नुकत्याच कांजिण्या गेल्याच्या खुणा होत्या, उठून बाहेर गेल्या. जळगावकरांनी मध्यस्थी म्हणून महाभारतातल्या विचित्रवीर्याचं उदाहरण काढलं, म्हणाले चांगला हस्तिनापूरचा राजा होता हो. तर सावंतवाडीकर म्हणाले, होता ना, पण क्षयाने तरुणपणीच गेला, आणि मूल ना बाळ. त्यानंतर सभेत कुणी माझी बाजू घेतली नाही.

फ्लेक्स उतरवायला मात्र कुणी तयार होईना. पैसे गेले होते. शिवाय नानांचा फोटो चांगला आला होता.

त्या रात्री मला झोप लागली नाही आणि पडल्यापडल्या एक गोष्ट लक्षात आली, ती सांगतो, तुम्हाला पटली नाही तर सोडून द्या. हे एकट्या 'विचित्र' चं झालेलं नाही. 'तऱ्हा' अरबीतून आली, अर्थ साधा: प्रकार. नाना तऱ्हेची माणसं म्हणजे नाना प्रकारची. पण तिचाच 'तऱ्हेवाईक' केला की लगेच माणूस चक्रम. 'चमत्कार' म्हणजे संस्कृत काव्यशास्त्रात रसिकाला होणारा विस्मयाचा आनंद; आणि "ते जरा चमत्कारिकच आहेत हो" हे आपण कुणाबद्दल म्हणतो? 'वली' म्हणजे अवलिया, साधुपुरुष. त्याची मराठीत 'वल्ली' झाली. म्हणजे कुठूनही, कितीही भल्या घरचा शब्द येऊ दे, तो वेगळेपणाबद्दल बोलू लागला की दोन पिढ्यांत आपण त्याला वेड्यांच्या रांगेत नेऊन बसवतो. हे मी उठून बायकोला सांगितलं. रात्रीचे अडीच वाजले होते. ती म्हणाली, "उगाच नाही बसवत."

कार्यक्रमाच्या संध्याकाळी गर्दी उसळली. चाळीस-पन्नास पानांचा अंदाज धरलेला, आणि आसपासच्या सोसायट्यांमधून, टपरीवरून, क्लास सुटलेल्या पोरांमधून माणसं येतच राहिली, कारण 'अवश्य पाहा' असं पुण्यात सहसा कुणी म्हणत नाही. आल्यावर ती आधी फोटोतले चेहरे शोधायची, नाना दिसले की एकमेकांना कोपराने खुणवायची आणि मग प्लेट घ्यायची. नागपूरकरांचा वडाभात पहिल्या पंधरा मिनिटांत संपला, खानदेशी शेवभाजीने दोघांच्या डोळ्यांतून पाणी काढलं, लिट्टी-चोख्याच्या टेबलाशी रांग लागली, तमिळ आजींनी चिंचेचा भात वाढता वाढता तीन जणींना रेसिपी तमिळमध्ये सांगितली आणि त्या तिघींनी ती लिहूनही घेतली. सिंधी साई भाजीचं पातेलं तर सावंतवाडीकरांनी चाटूनपुसून ठेवलं. आदल्या दिवसापर्यंत ते तिला पालक म्हणत होते. आमच्या घरचं अळूचं फदफदं तेवढं भरल्या पातेल्याने शिल्लक राहिलं. त्याच्या पुढ्यात मी 'रुचिर' अशी चिठ्ठी लावली होती.

एक आजोबा नातवाचं बोट धरून वॉचमनला विचारत होते, "ती विचित्र माणसं कुठे बघायला मिळतील?" वॉचमन प्रामाणिक आहे. त्याने आमचा फ्लॅट नंबर सांगितला.

उत्सव संपला, फ्लेक्स उतरला. त्याच्या मागच्या बाजूने सध्या टेरेसवरची गळकी टाकी झाकली आहे. पुढल्या वर्षी माझ्याकडे खुर्च्या मोजण्याचं काम येणार असं कळतं, आणि त्यात लिहायचं काही नाही हे दोनदा सांगून झालंय.

परवा मात्र नोटीसबोर्डवर नानांच्या सहीचा एक कागद लागला. नाना नोटिसा स्वतः लिहितात, शाईच्या पेनने, समास सोडून. लिहिलं होतं: 'काही सभासदांच्या ओल्या कचऱ्यात बाटल्या, पिशव्या, सेल, औषधांची पाकिटे इत्यादी वैचित्र्य आढळून येत आहे. असे वैचित्र्य असलेला कचरा उद्यापासून उचलला जाणार नाही.'

मी ती नोटीस तीनदा वाचली. आपट्यांनी दिलेला जवळजवळ पहिलाच अर्थ, एकसारखेपणाचा अभाव, आणि तोही नानांच्या हातून, शुद्ध मराठीत, बिनचूक जोडाक्षरासह. अंगावर काटा आला. धावत वर जाऊन बायकोला बोलावून आणलं, म्हटलं, बघ, शब्द रुजला.

तिने नोटीस पूर्ण वाचली. खाली बारीक अक्षरात फ्लॅट नंबरही दिला होता. आमचा.