२७ फोटोंची चैन

एकदा वापरून देऊन टाकायच्या कॅमेऱ्यात फोटो काढणाऱ्याच्या अकलेला वावच नसतो, आणि हाच त्याचा मोठेपणा. प्लॅस्टिकचं भिंग, कायमचा ठरलेला फोकस. अंगठ्याने चाक करकर फिरवायचं, बटण दाबायचं, २७ फोटो झाले की संपलं. ज्या आत्येभावाला घरात कुणी कॅमेऱ्याला हात लावू देत नाही, त्याच्या हाती हा खुशाल द्यावा.

कल्पना जुनी आहे. १८८८ साली अमेरिकेत जॉर्ज ईस्टमनने पहिला कोडॅक विकला, तो १०० फोटोंची फिल्म भरूनच. ती संपली की अख्खा कॅमेरा रॉचेस्टरला, कंपनीकडे पाठवायचा. फोटो धुऊन आणि नवी फिल्म भरून तो परत यायचा. १९८६ मध्ये जपानच्या फुजीने ‘उत्सुरुन्देसु’ नावाचा कॅमेरा काढला आणि कॅमेरा परत मिळण्याची आशाही सोडायला लावली. रोल धुवायला टाकताना कॅमेराच देऊन टाकायचा, घरी न्यायचे फक्त फोटो.

या कॅमेऱ्याच्या पोटात मात्र एक शहाणपण दडलेलं असतं. त्यातली फिल्म कारखान्यातच सगळी उलगडून ठेवतात. एकेक फोटो काढून चाक फिरवलं की तेवढा तुकडा डबीत जाऊन बसतो. चुकून मागचं झाकण उघडलं तर काढलेले फोटो वाचतात, वाया जातात ते न काढलेले. पुढचं काय व्हायचं ते होवो, झाल्या गेल्याला धक्का लागता कामा नये. हा कॅमेरा जपानी असला तरी वळण आपल्याच वडीलधाऱ्यांचं.

अमेरिकेतल्या लग्नांत हे कॅमेरे टेबलाटेबलावर ठेवायची पद्धत पडली. पाहुण्यांनी वाट्टेल ते टिपावं आणि काय टिपलंय ते नवरानवरीने नंतर निस्तरावं! आता फोनवर एक फोटो काढला की लगेच समिती बसते: माझे डोळे मिटलेत, हिची हनुवटी दुहेरी दिसतेय, पुन्हा काढा. चौथ्या खेपेला सगळे सुंदर दिसतात आणि हसू तेवढं शिळं होतं. रोलच्या फोटोत कुणाला नकाराधिकारच नव्हता. डिस्पो नावाच्या ॲपने तर फोनवरचे फोटोही दुसऱ्या दिवशी सकाळी ९ पर्यंत दाखवायचे नाहीत, असा नियम केला. म्हणजे फुकट मिळालेली घाई घालवायला माणसाला पुन्हा यंत्रच लागलं.

माझं मत विचाराल तर, फोटो लगेच बघता येत नाही तेव्हाच माणसं त्यात स्वतःसारखी दिसतात.