उडालेल्या बल्बचा सिनेमा

बल्ब उडाला की आमच्या घरात दोन पक्ष पडत. मोठ्यांना नव्या बल्बचे पैसे दिसत आणि पोरांना सिनेमा. पण उडालेला बल्ब लगेच आमच्या हाती पडत नसे. आजी तो कानाशी नेऊन हलवायची. आतली तार किणकिणली की बल्ब गेला, हे सगळ्यांना मान्य असायचं. तरीही वडील तो पुन्हा होल्डरात अडकवत, टिचक्या मारत आणि तुटलेलं टोक कुठं चिकटतंय का ते बघत. कधी कधी ते चिकटायचंही, आणि मग तो बल्ब पूर्वीपेक्षा जास्त लख्ख पेटायचा. तार आखूड झाली की तिचा रोध कमी होतो आणि ती जास्त वीज खेचते, हे पुढं शाळेत कळलं. त्या वेळी एवढंच कळायचं, की सिनेमा पुढं ढकलला.

खोक्याचा सिनेमा गावोगावच्या पोरांनी केला असेल. तरी कोल्हापूरच्या पोरांचा त्यावर जरा जास्त हक्क आहे, असं माझं मत आहे, आणि ते बदलायचा माझा विचार नाही. कारण इथल्या थोरामोठ्यांनीही सिनेमा असाच हाताशी आलं त्यातून उभा केला. आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे नाटक कंपन्यांचे पडदे रंगवणारे नात्यातले भाऊ. मूळ आडनाव मेस्त्री, आणि ते नुसतं नावाला नव्हतं. सिनेमा काढायचा तर कॅमेरा हवा, आणि कॅमेरा हवा तर तो आपणच करायचा, असा त्यांचा सरळ हिशोब. काम अर्ध्यावर असतानाच, 1916 मध्ये, आनंदराव गेले. बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांना सोबत घेऊन 1918 मध्ये तो कॅमेरा चालता केला. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा 'सैरंध्री' 1920 मध्ये झळकला आणि लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हटलं. दामले पुढं 1929 मध्ये इथंच सुरू झालेल्या 'प्रभात' फिल्म कंपनीचे एक मालक झाले. 1932 चा 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट कोल्हापुरातच तयार झाला. त्याच्या पुढच्या वर्षी 'प्रभात' पुण्याला गेली, आणि त्याबद्दल आमच्याकडं अजून लोक असे बोलतात, की जणू परवाच सामान टेम्पोत भरलं. खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचं स्मारक आहे. शूरांचे आणि थोरांचे पुतळे कुठल्याही शहरात असतात. आमच्याकडं यंत्रालाही चौक मिळाला.

अशा गावात पोरांनी नुसतं तिकीट काढून सिनेमा बघणं बरं दिसलं नसतं.

तर बल्ब. बुडाचं शिसं खिळ्यानं उचकटायचं, भोवतीची काळी काच टोकरून काढायची, आणि मग आतली काचेची दांडी हलक्या हातानं मोडून बाहेर ओतायची. हे काम करणारा पोरगा त्या दिवसापुरता गल्लीतला सर्वांत मोठा माणूस असे. बाकीचे श्वास रोखून भोवती बसत. गोळ्याला तडा गेला तर पुढचा बल्ब उडेपर्यंत थांबायचं, आणि बल्ब कधी उडावा हे कुणाच्या हातात नव्हतं. तसं एकदोघांनी ते हातात घ्यायचा प्रयत्न केलेला आहे. संडासातला बल्ब वारंवार कसा उडतो, याचा एका वाड्यात मालकांनी छडा लावला होता.

बल्ब पाण्यानं गच्च भरला की त्याचं भिंग होतं. पाण्याच्या गोळ्याचा हिशोब मोठा सुबक आहे. समांतर आलेला उजेड गोळ्यातून जाऊन काचेपासून साधारण त्याच्या त्रिज्येएवढ्या अंतरावर एकत्र येतो. साधा बल्ब सहा सेंटिमीटर रुंद, म्हणजे हे अंतर तीन सेंटिमीटर. फिल्म त्याहून किंचित मागं धरायची. हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं. आम्ही एका खोक्यात दुसरा खोका बसवायचो, मागच्याला फिल्मची खाच, पुढच्यात बल्ब, आणि चित्र स्वच्छ दिसेपर्यंत मागंपुढं सरकवायचो. पुठ्ठा बुटाच्या खोक्याचा, चिकटवायला मैद्याची खळ. खळीवर मुंग्या येत, त्यामुळं आमच्या काही चित्रपटांत नायिकेच्या गालावरून हत्तीएवढी मुंगी जाई. प्रेक्षकांना तेही चालायचं. किंबहुना हलणारं तेवढंच असायचं.

आता फिल्म. उमा, पद्मा, शाहू, पार्वती अशा थिएटरांत रीळ तुटलं की अंधारात शिट्ट्या सुरू होत आणि वर केबिनमध्ये ऑपरेटर फाटकी टोकं कापून, खरवडून, फिल्म-सिमेंट लावून जोडत असे. कापलेले तुकडे डब्यात पडत. तो डबा हे आमचं तीर्थक्षेत्र. तिथवर पोचायला ओळख लागायची. कुणाचा मामा डोअरकीपर, कुणाच्या बापाची पानपट्टी थिएटरसमोर. पानपट्टीवाल्याच्या पोराला तर आम्ही क्रिकेटमध्ये दोनदा आऊट झाल्याशिवाय आऊट देत नसू. एवढं करून ऑपरेटर विचारायचाच, "काय रं, कशाला पायजे?" आणि सिनेमा काढायचाय म्हटलं की कौतुकानं की कीव येऊन कोण जाणे, मूठभर तुकडे द्यायचा.

सिनेमात एका सेकंदाला चोवीस चित्रं लागतात. म्हणजे ज्याच्या खिशात चोवीस तुकडे, तो एका सेकंदाचा मालक. एवढ्यावर काय काय व्यवहार चालत! शेजारशेजारची चित्रं हुबेहूब सारखी, म्हणून सहा चित्रांची पट्टी असली तर ती कात्रीनं तोडून पाच दुसऱ्यांना विकायची. मारामारीचा तुकडा महाग, गाण्याचा त्याहून महाग. पत्र वाचत बसलेल्या बापाला कुणी विचारत नसे. नाणं म्हणजे काडेपेटीचे छाप. नेहमीच्या छापाची किंमत नाही, परगावच्या छापाला मान. एका वेळी तर नाचणाऱ्या नायिकेच्या बदल्यात उद्यमनगरातल्या भंगारातलं बेअरिंग देऊ केल्याचं मला आठवतं. बेअरिंग म्हणजे गाड्याचं चाक. तीन जमली की फळीखाली ठोकून उतारावरून सुटायचं आणि सगळी पेठ आपल्या नावानं ओरडायला लावायची. उद्यमनगरात लेथवर यंत्रांचे भाग कातणाऱ्या या शहरात बेअरिंगला तोटा नव्हता, तरी तो सौदा मोडला. नायिकेचा मालक म्हणाला, बेअरिंग नाचत नाही.

खेळ भर दुपारी असायचा. माजघराची दारं लावून, फटींत गोणपाट कोंबून काळोख करायचा, भिंतीवर आजोबांचं धोतर ताणायचं आणि दाराला ठेवलेल्या भोकापाशी खोका मांडायचा. धोतराला इस्त्री नसली की पडद्यावरच्या राजवाड्याला सुरकुत्या पडत. "धोतराला डाग पडला तर बघा, मी तुमचंच सोंग काढतो," असं आजी बजावून ठेवायची, आणि वर तीच पुढं जागा धरून बसायची. फिल्म खाचेत उलटी घालायची, म्हणजे धोतरावर सुलटी पडते. डावं-उजवं चुकलं तर खलनायक डावखुरा व्हायचा आणि पाटीवरचं नाव उर्दूसारखं उजवीकडून वाचावं लागायचं.

आणि उजेड? तो बाहेरून. अंगणात एक पोरगा फुटक्या आरशाचा तुकडा घेऊन उन्हात उभा. कवडसा भोकातून बरोबर फिल्मवर पाडायचा. ऐकायला सोपं वाटतं. पण आरसा एक अंश हलला की कवडसा दोन अंश हलतो, आणि आरसा दगडासारखा धरला तरी सूर्य काही थांबत नाही. चार मिनिटांत एक अंश तो पुढं गेलेलाच असतो. त्यामुळं आतून सारखी आरडाओरड. "वर घे! आरं वर! गेला, गेला!" हे काम नेहमी सर्वांत लहान पोराकडं. सगळा सिनेमा त्याच्या हातावर चाले आणि त्यातलं एकही चित्र त्याला दिसत नसे. मूकपटांच्या काळात मोठ्यांचं चित्रीकरणही बहुतेक उन्हावरच अवलंबून असे. तिथं उजेड धरून उभ्या राहिलेल्या माणसांची नावं पाटीवर आली असतील, असं मला वाटत नाही.

आमच्या खेळाला एक कायमचे प्रेक्षक होते. गल्लीतले तात्या. तरुणपणी त्यांनी भालजी पेंढारकरांच्या ऐतिहासिक चित्रपटांत मावळ्याचं काम केलं होतं. असं ते सांगत. चित्रपटाचं नाव दर वेळी बदले, घोड्याचं कधीच बदललं नाही. जयप्रभा स्टुडिओच्या आसपास वाढलेल्या त्या पिढीत असा माणूस घरटी एक सापडे, आणि सगळेच काही थापा मारत नव्हते. गर्दी, सैन्य, बाजार हवा असला की गावच उभं राहायचं. तात्यांचं म्हणणं एवढंच, की एका लढाईच्या तुकड्यात ते आहेत आणि तो तुकडा आमच्याकडं आलेला आहे.

तुकडा लावला. पाण्याच्या गोळ्याची खोड अशी, की मधलं चित्र बरं उमटतं आणि कडेचं विरघळून जातं. सेनापती स्पष्ट, त्याच्या शेजारचे दोघं अंधुक, आणि त्यापलीकडं नुसता धूर.

"त्यो बघा, डाव्या कडंला," तात्या म्हणाले.

डाव्या कडेला काहीतरी होतं खरं. मी तुकडा सरकवून डावी कड मधोमध आणली. आता तिथं भाला घेतलेला एक मावळा स्वच्छ दिसू लागला आणि सेनापती धुरात गेला.

"ह्यो न्हवं. ह्याच्या पलीकडं."

पलीकडं फिल्मची भोकं होती. पण तात्यांच्या चेहऱ्यावर इतका विश्वास, की आम्ही ती भोकंही बराच वेळ बघितली. आजी म्हणाली, नाक तुझ्यासारखंच आहे.

आता हे खेळणं करता येत नाही. तारेचे बल्ब घरातून गेले, एलईडीत पाणी भरायची सोय नाही. 2010 नंतरच्या काही वर्षांत थिएटरांतून रिळंही गेली, त्यांच्या मागून ऑपरेटरचा तुकड्यांचा डबा गेला. कचरा मात्र तेव्हापेक्षा कितीतरी जास्त आहे. त्यातलं बरंचसं उघडतच नाही, आणि उघडलं तर आत काय आहे ते ओळखू येत नाही. तरी शाळेत 'टाकाऊतून टिकाऊ' असतंच. गेल्या वर्षी नातवाला ते होतं, म्हणून आम्ही महाद्वार रोडला गेलो आणि टाकाऊ वस्तू विकत आणल्या. आईस्क्रीमच्या काड्यांचा कोरा पुडा. कोरे कागदी पेले. काड्यांवर कुणी आईस्क्रीम खाल्लेलं नव्हतं, त्या अर्थानं त्या वायाच गेल्या होत्या म्हणा. मला अरविंद गुप्ता आठवले. कानपूरच्या आयआयटीतून बाहेर पडलेला, पुण्याच्या टेल्कोत नोकरी करणारा हा अभियंता 1978 मध्ये रजा घेऊन होशंगाबादकडच्या खेड्यांतल्या शाळांत गेला, तिथं सायकलची व्हॉल्व्ह ट्यूब आणि काडेपेटीच्या काड्या जोडून पोरांना त्रिकोण-चौकोन करायला दिले, आणि पुढं पुण्यात आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेत बसून कचऱ्याची शेकडो खेळणी केली. त्यांच्या खेळण्यांचा मला आवडणारा गुण असा, की ती मोडली तरी कुणाच्या पोटात दुखत नाही. नातवाचा पेल्यांचा मनोरा मोडला तेव्हा त्याच्या आईच्या पोटात चांगलंच दुखलं.

म्हणून सुट्टीत त्याच्यासाठी खोका काढला. बुटाचाच. पुढं भोकात साधं भिंग, आत मोबाईल. मोबाईल उलटा ठेवायचा, कारण भिंग तेव्हाही चित्र उलटं करायचं आणि अजूनही करतं. फोन मात्र शहाणा, उलटा ठेवला की चित्र आपणहून सुलटं करून घेतो आणि भिंतीवर पुन्हा उलटं. फिरणं बंद करायचं बटण नातवानं शोधून दिलं. खळ करायला घरात कुणाला वेळ नव्हता, चिकटपट्टी लावली. उजेड फोनचाच, त्यामुळं अंगणात कुणाला उभं करायची गरज पडली नाही. चित्र हलतं, बोलतं, कडेपर्यंत बरंच स्वच्छ दिसतं. नातू दहाएक मिनिटं रमला आणि नंतर म्हणाला, हे सरळ फोनवरच बघू या की.

तात्या आता नव्वदीकडं झुकलेत. त्यांना मुद्दाम बोलावून तो जुना लढाईचा प्रसंग लावला. सबंध प्रसंग, मागंपुढं करता येणारा, थांबवता येणारा. सेनापती आला, शेजारचे दोघं आले, भालेवाला आला. चित्र थांबवून, बोटांनी ताणून, डावी कड पार भिंतभर केली. प्रत्येक मावळ्याचं तोंड मोजून बघितलं. तात्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"मी आलो की इथं. बरोब्बर ह्याच्या म्होरं," ते म्हणाले. "पर इथं रीळ तुटलं असणार. ऑपरेटरनं तेवढाच तुकडा कापला बघ. तुमच्याच डब्यात हुडकाया पायजे."

नातू उठून माळ्यावरचा डबा काढायला गेला.