खाडे कसे थांबवावेत : भिवंडीच्या शेठजींसाठी मार्गदर्शन

शेठजी, आधी खाडा ओळखायला शिका. कारखान्यात यंत्रमागांच्या खटखटाटात शेजारच्या माणसाचा शब्द ऐकू येत नाही, त्यामुळे नाव पुकारून हजेरी घेण्याच्या फंदात पडू नका. डोळे वापरा. ज्या सहा मागांचे धोटे थांबलेत आणि बीमवर कापसाची पांढरी लव धरू लागली आहे, तिथला कारागीर आज आलेला नाही. हजेरी लिहिणाऱ्या मेहताजींच्या वहीत त्याचं नाव ‘छोटू (दुसरा)’ असं असेल. पहिला छोटू कोण, हे विचारू नका. आडनाव आणि पत्ताही शोधू नका. ते आपणच कधी लिहून घेतलेलं नाही.

आता नुकसान मोजा. खाड्याचा पगार द्यावा की कापावा, हा मोठ्या कंपन्यांना छळणारा प्रश्न आपल्याकडे उद्भवतच नाही. मजुरी मीटरवर आहे. कापड विणलं नाही, पैसे नाहीत. शिवाय खाडा झाला म्हणून बिशीतल्या, म्हणजे खानावळीतल्या, जेवणाचे पैसे चुकत नाहीत, खोलीचं भाडंही चुकत नाही. म्हणजे खाड्याचा खर्च कारागीरच भरतो. तरीही नुकसान फक्त आपलं झालं, असं मानायची सवय ठेवा.

एक खबरदारी घ्या. सूत महागलं, ग्रे कापडाला उठाव नाही म्हणून आपणच आठ दिवस कारखाना बंद ठेवला, तर तो खाडा धरायचा नाही. ती मंदी.

कारणांपैकी सर्वांत मोठं कारण म्हणजे गाव. कारागीर आझमगढचा, गोरखपूरचा, बस्तीचा, काही तेलंगणातले. मार्च-एप्रिलात गव्हाची कापणी, मग लग्नसराई, मध्ये ईद, दिवाळीनंतर छठ. माणूस ‘चार दिवसांत येतो’ सांगून जातो आणि दीड महिन्याने उगवतो. यात त्याची लबाडी शोधू नका. जायला-यायलाच चार दिवस मोडतात, आणि गावी पोचलेल्या माणसाला घरची कौलं, बापाचा दवाखाना आणि पोराची शाळा एकदमच दिसतात. वर्षभर साठलेली कामं चार दिवसांत उरकून दाखवणारा शेठ अजून माझ्या पाहण्यात नाही.

दुसरं कारण आजारपण. यावर भिवंडीने फार पूर्वीच तोडगा काढलेला आहे, फक्त त्याचं श्रेय कोणी घेत नाही. एकाच खोलीत दिवसपाळीचे आणि रातपाळीचे लोक राहतात. सकाळी रातपाळीवाला घामेजलेला परततो, तेव्हा दिवसपाळीवाल्याने चटई रिकामी करायची असते. आता दिवसपाळीवाल्याला ताप आला तर तो पडणार कुठे? त्याच्या जागेवर दुसरा घोरत असतो. मग तो उठतो, गोळी घेतो आणि मागावर येऊन उभा राहतो. परदेशात अशा निकालासाठी सल्लागार नेमतात. आपल्याकडे ते काम खोलीमालक करतो, आणि वर भाडं घेतो. याउपर जो आजारी पडून गैरहजर राहतो, तो खरोखरच आजारी आहे असं खुशाल समजावं.

कारणं झाली, आता उपाय. पहिला उपाय उचल. माणूस टिकावा म्हणून पाच-दहा हजार अंगावर द्यायचे, म्हणजे फिटेपर्यंत तो जात नाही, असं म्हणतात. प्रत्यक्षात पलीकडच्या गल्लीतला शेठ ती उचल फेडतो आणि माणूस तिकडे जातो. रागावू नका, आपला गेल्या महिन्यातला नवा कारागीर याच वाटेने आला होता.

थोडा इतिहास माहीत असलेला बरा. १८ जानेवारी १९८२ पासून मुंबईच्या गिरण्यांतले सुमारे अडीच लाख कामगार कामगार नेते दत्ता सामंतांच्या संपात कामावर गेले नाहीत. इतका मोठा खाडा पुन्हा कोणाला जमलेला नाही. गिरण्यांचं काम इकडच्या मागांकडे वळलं आणि भिवंडी फुगली. तेव्हा गैरहजेरीवर व्याख्यान देताना आवाज जरा खालचा ठेवावा. आपल्या इमारतीचा दुसरा मजला बहुधा कोणाच्या तरी खाड्यावरच चढला आहे. २०२० मध्ये उलटा प्रयोग झाला. मार्चमध्ये टाळेबंदी लागली, माग थांबले, पैसे थांबले, आणि ही माणसं नाशिक महामार्गाने चालत निघाली. मेच्या सुरुवातीला भिवंडी रोड स्थानकातून गोरखपूरला श्रमिक गाडी सुटली. त्या महिन्यांचे खाडे वहीत लागलेले नाहीत, कारण वही लिहिणारे मेहताजीही गावी गेले होते.

माणकोली, दापोडे, राहनाळच्या गोदामवाल्यांना हे मार्गदर्शन फारसं लागू नाही. तिथे कंत्राटदार असतो. आज न आलेला माणूस उद्यापासून माहीतच नसतो. उशीर मात्र होतो, आणि त्याला अंजूरफाट्यावरचे कंटेनर जबाबदार आहेत; ते कंटेनर आपलाच माल घेऊन निघालेले असतात.

परिपूर्णतेसाठी एका जुन्या उपायाचाही उल्लेख करायला हवा. १९४८ च्या कारखाना कायद्यात असं होतं, की वर्षात २४० दिवस भरले की दर वीस दिवसांमागे एक पगारी रजा. २०२० च्या कामगार संहितेने २४० चे १८० केले. ज्याला रजा मागता येते तो सांगून जातो आणि ठरल्या दिवशी परततो, असं या उपायाचे समर्थक म्हणतात. म्हणोत बापडे. रजा द्यायची तर हजेरीपटावर पूर्ण नाव हवं. नाव आलं की भविष्यनिर्वाह निधी आला, ईएसआयसी आलं. मग एका छपराखाली पुतण्या, मेहुणा आणि सासूबाईंच्या नावाने लावलेल्या चार पाट्या कशासाठी, हे तपासायला साहेब आले. छोटू (दुसरा) याचं खरं नाव शोधण्यात पंधरवडा जाईल तो वेगळाच.

त्यापेक्षा बोटाचे ठसे घेणारं यंत्र बसवावं. सूत हाताळून कारागिरांची बोटं गुळगुळीत झालेली असल्याने ते पहिल्याच दिवशी अर्ध्या कारखान्याला गैरहजर ठरवेल. दुकानदाराशी घासाघीस करून दोन घ्यावीत.