सरकारी प्रयोग, प्रवेश मोफत

परफॉर्मन्स आर्ट म्हटलं की आपले लोक आधी बाहेर जायचं दार कुठे आहे ते बघून ठेवतात. अंधारी खोली, पडद्यावर कोणीतरी तासभर एकच काम करतंय, आणि शेजारच्या पाटीवर 'संस्थात्मक सत्ता व नियंत्रण यांचा शोध' असं काहीबाही. यवतमाळकराला त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही. त्याच्या जिल्ह्यात सत्ता स्वतःच प्रयोग करायला येते आणि येताना कॅमेराही आणते.

2008 च्या जुलैत राहुल गांधी लोकसभेत बोलले आणि मारेगाव तालुक्यातल्या जळक्याच्या शेतकरी-विधवा कलावती बांदूरकर एका दिवसात देशाला माहीत झाल्या. 20 मार्च 2014 ला आर्णी तालुक्यातल्या दाभडीत नरेंद्र मोदींची 'चाय पे चर्चा' झाली, ती ठिकठिकाणच्या पडद्यांवर थेट दिसली. एकाने नाव घेतलं, दुसऱ्याने चहा घेतला. कापसाचा भाव दोन्ही वेळा विंगेतच थांबला.

सत्तेच्या या नाटकाची उलट नक्कल करणारा एक कलावंत मुंबईत होता, तुषार जोग. त्यांनी 'युनिसेल पब्लिक वर्क्स सेल' नावाचं खातं काढलं. खात्यात कर्मचारी एकच, ते स्वतः. 2010 मध्ये मोटरसायकलवरून मुंबईहून शांघायला निघाले. वाटेत सरदार सरोवर आणि चीनचं थ्री गॉर्जेस धरण, म्हणजे माणसं उठवण्याची दोन जंगी ठिकाणं. त्याच डिसेंबरात रायपूरच्या न्यायालयाने डॉ. बिनायक सेन यांना जन्मठेप सुनावली, त्यानंतर जोग मुंबईच्या एका कलादालनात बसून लिहीत राहिले: न्यायव्यवस्था आणि लोकशाहीवरचा विश्वास मी गमावणार नाही, अशा अर्थाचं एकच वाक्य, पुन्हा पुन्हा. गुरुजींनी वहीभर ओळी लिहायची शिक्षा द्यावी, तसं. इथे शिक्षा स्वतःच स्वतःला, आणि विश्वास टिकवण्याची! डिसेंबर 2018 मध्ये ते गेले. पुढच्याच महिन्यात यवतमाळला जे झालं ते बघायला ते असायला हवे होते.

92 वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन. उद्घाटनाला 91 वर्षांच्या नयनतारा सहगल यायच्या होत्या. 2015 मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार परत करणाऱ्या त्याच. इंग्रजीत लिहितात म्हणून मनसेच्या स्थानिक मंडळींनी दम दिला, आयोजकांनी घाईघाईने निमंत्रण मागे घेतलं. मग राज ठाकरे म्हणाले, आमची काही हरकत नाही. पण आमच्या संस्थांना हरकत येण्याची वाट बघावी लागत नाही, नुसती चाहूल पुरते. साहित्य महामंडळाच्या अध्यक्षांनी राजीनामा दिला, अनेक लेखकांनी पाठ फिरवली, आणि सहगलांचं जे भाषण मांडवात शे-पाचशे जणांनी जांभया देत ऐकलं असतं ते महाराष्ट्रभर वाचलं गेलं. उद्घाटनाला काही बायका सहगलांच्या चेहऱ्याचे मुखवटे लावून बसल्या. घोषणा नाहीत, दगड नाहीत, नुसते कागदी चेहरे. त्यावरही पोलिसांची धावपळ! जोगांना याहून चांगला प्रेक्षक मिळाला नसता.

उद्घाटन झालं वैशाली येडे यांच्या हातून, आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या पत्नी. झाकपाक करायला बरी, असा कोणाचा हिशोब असेल तर तो चुकला. बाई 'तेरवं' नाटकातून रंगमंचावर उभ्या राहिलेल्या. त्यांनी सरळ व्यवस्थेवर बोट ठेवलं.

खरा अवघड प्रयोग मात्र मांडवात होत नाही, तो शेतकरी आत्महत्येची मदत ठरवणाऱ्या जिल्हाधिकाऱ्यांच्या समितीपुढे होतो. तिथे नवरा मेला हे सिद्ध करून भागत नाही, तो नियमात बसून मेला हे सिद्ध करावं लागतं. सातबारा दाखवा. कर्ज बँकेचं की सावकाराचं? सावकाराचं असेल तर सावकार परवान्याचा आहे ना? वसुलीचा तगादा होता म्हणता, मग नोटीस कुठाय? पोलिसांचा पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, तलाठ्याचा दाखला. दारू प्यायचा का हो? एवढं सगळं जुळलं तर फाइलवर 'पात्र'. मग 1 लाख रुपये: 30 हजार हाती, 70 हजार बँकेत ठेव म्हणून. न जुळलं तर 'अपात्र', म्हणजे सरकारच्या मते तो माणूस शेतीपायी मेलाच नाही. बाईच्या पदराची, रडण्याची, गप्प बसण्याची सुद्धा नोंद टेबलापलीकडून होत असते. नियंत्रणाचा शोध घेणाऱ्या कोणत्याही दालनात एवढी काटेकोर संहिता मी पाहिलेली नाही.

संमेलनाच्याच वर्षी वैशाली येडे यांनी प्रहार पक्षाच्या तिकिटावर यवतमाळ-वाशिममधून लोकसभा लढवली. संमेलनात त्यांना टाळ्या भरपूर मिळाल्या होत्या. मतं मिळाली नाहीत. शिवसेनेच्या भावना गवळी पाचव्यांदा खासदार झाल्या.