कालकृषी: भिसेगावातील होतकरू लागवडदारांसाठी

वनस्पतींच्या साहाय्याने वेळ लांबवणे, आखडणे किंवा जागच्या जागी थांबवणे या शास्त्रास कालकृषी म्हणतात. ती कोठेही करता येते. भिसेगावात ती करावीच लागते. कर्जत स्टेशनाला लागून असलेल्या या वस्तीतला नोकरदार रोज शंभर किलोमीटर जातो आणि तेवढेच परत येतो. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपर्यंत दोन तास, तेही मध्य रेल्वेचा मूड बरा असेल तर. म्हणजे दिवसाचा सहावा हिस्सा चौथ्या सीटवर अर्धे बूड टेकवून जातो. हा वेळ परत मिळवण्याचे तीन मार्ग आहेत: मुंबईत घर घेणे, नोकरी सोडणे आणि झाडे लावणे. पहिल्याला पैसा लागतो, दुसऱ्याला दिलदार सासरा. तिसऱ्याला कुंडी पुरते.

नवशिक्याने सुरुवात घड्याळी वाणांपासून करावी. स्वीडनच्या लिनियसने 1751 साली कोणते फूल किती वाजता उघडते आणि मिटते याची यादीच छापली होती. ती आपल्या कामाची नाही. आपल्याकडे ऑफिस टाइम नावाचेच फूल आहे. ऊन चढले की नऊ-दहाला फुलते. पण तोवर मालक दादरच्या पुलावर असतो. गुलबक्षी संध्याकाळी चार-पाचला उमलते, तेव्हा तो साहेबांच्या केबिनबाहेर उभा असतो. दोन्ही फुले सासूबाई आणि कुरिअरवाला पाहतात. सबब लोकलच्या पासधारकाने रात्रपाळीचाच माल लावावा: रातराणी, किंवा ब्रह्मकमळ म्हणून कुंडीत मिळते ते निवडुंगाच्या कुळातले झाड. हे रात्री उशिरा उमलते आणि उजाडता मान टाकते. उमलले की शेजाऱ्यांना बोलवावे लागते, कॉफी करावी लागते आणि सोसायटीच्या ग्रुपवर फोटो टाकावे लागतात. यात झोप जाते. हा या वाणाचा ज्ञात दोष आहे.

पुढचा प्रयोग लाजाळूचा. द मेराँ नावाच्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाने 1729 साली हे झाड काळोखात कोंडून पाहिले. बाहेर दिवस आहे की रात्र हे कळायला काही मार्ग नसताना त्याची पाने सकाळी उघडत आणि रात्री मिटत राहिली. भिसेगावात यासाठी झाड आणण्याचीही गरज नाही. घरात कोणी सेवानिवृत्त गृहस्थ असल्यास तो पहाटे चारला उठून डबा शोधताना आढळेल. त्याच्यावर ओरडू नये. नोंद घ्यावी.

मुदतीच्या लागवडीसाठी कारवी उत्तम. माथेरानच्या उतारांवर आणि भीमाशंकरकडच्या घाटात ती रगड आहे. ठाकर-कातकरी वाड्यांवर कुडाच्या भिंती तिच्याच काठ्यांच्या. सात वर्षे ती नुसती पाने दाखवते, मग एका पावसाळ्यात सगळा डोंगर जांभळा-निळा करून, बी धरून, वाळून जाते. फ्लॅट बुक कराल त्याच दिवशी कारवी रुजवावी आणि ताबा आधी मिळतो की फूल आधी येते ते पाहावे. पैज कारवीवर लावावी.

बांबूच्या नादी लागू नये. मिझोरममध्ये तो अठ्ठेचाळीसेक वर्षांनी एकदम फुलतो, बियांवर उंदीर माजतात आणि मग ते भाताकडे वळतात. 1959 च्या सुमाराच्या अशा दुष्काळातून तिथे बंडापर्यंत मजल गेली. आपल्या सोसायटीच्या सर्वसाधारण सभेला तेवढे झेपणार नाही.

आता मुख्य पीक. कर्जतच्या भात संशोधन केंद्राची वाणे कोकणात सगळीकडे गेली, आणि शेतकरी भाताची जात विचारतो ती वेळेच्या हिशेबाने: हळवा, निमगरवा की गरवा. कर्जत-3, कर्जत-7 हे हळवे. चार महिन्यांच्या आत हातात. वरकस, उथळ जमिनीवर पाऊस संपायच्या आत उरकायचे असते म्हणून हळवा. गरवा खोल, पाणी धरणाऱ्या खाचरात दिवाळी उलटेपर्यंत उभा.

जुना गावठी गरवा हा खरा कालयोगी. तो दिवस मोजत नाही, रात्र मोजतो. रात्र ठराविक लांबीची झाल्याशिवाय निसवत नाही. आवण उशिरा टाका, पावसाने दडी मारो, लावणी लांबो, तो फार तर बुटका राहील. निसवणार ठरल्या सुमारालाच. घरून उशिरा निघूनही वेळेवर हजर! ही विद्या पासधारकाला साधली तर मस्टरवर लाल शेरा कधी पडणार नाही. झाडे दिवस-रात्रीच्या लांबीवरून फुलायची वेळ ठरवतात हे गार्नर आणि अलार्ड या अमेरिकनांनी 1920 साली तंबाखू आणि सोयाबीनवर दाखवून दिले. नव्या वाणांतून मात्र ही खोड बहुतेक काढून टाकली आहे. म्हणूनच भिवपुरीच्या वीजगृहातून सुटलेल्या पाण्यावर, राजनाल्याखाली, उन्हाळी भातही होतो.

वेळ थांबवायची कृती अशी. गावठी गरव्याचे बी मिळवावे. राब भाजावा, आवण टाकावे, चिखलणी करून लावणी करावी. मग बांधाला लागून असलेला तुकडा फार्महाऊससाठी विकावा. नसेल तर शेजाऱ्याने विकलेला असतोच. फार्महाऊसच्या कंपाउंडवर हॅलोजन लागतो आणि रात्रभर जळतो. दिव्याखालच्या भाताला रात्र झाल्याचे कळतच नाही. बाकीचे खाचर निसवून पिवळे पडते, तरी तेवढा पट्टा श्रावणातच उभा असतो: हिरवागार, उंच आणि लोंबीविना. ज्याला चिरतारुण्य म्हणतात ते एवढ्या स्वस्तात दुसरीकडे मिळत नाही. कापणीला विळा घेऊन आलेली माणसे तो पट्टा सोडून पुढे जातात.

याबद्दल फार्महाऊसवाल्याकडे तक्रार नेऊ नये. तो शनिवारी रात्री गाडीतून उतरतो, काळोखात एकच हिरवा पट्टा चमकताना पाहतो, "काय ग्रीनरी आहे!" म्हणतो आणि दुसऱ्या बाजूलाही एक हॅलोजन बसवून घेतो.