उद्या तुम्ही नाहीत!

शासनाला नावं ठेवणं सोपं आहे. पण धडधाकट माणसाला एका दिवसापुरतं गायब करून दुसऱ्या दिवशी त्याच खुर्चीत हजर करायची विद्या भल्याभल्या जादूगारांना साधली नाही, ती आपल्या आस्थापना शाखेला साधली आहे. तिचं नाव ‘तांत्रिक खंड’. अकरा महिन्यांचा आदेश संपला की एक दिवस कंत्राटी कर्मचारी नसतोच, दुसऱ्या दिवशी त्याला नवा जन्म. सेवाच सलग नाही म्हटल्यावर हक्क कसला सांगता?

धाराशिव जिल्ह्यात भूम घ्या, परंडा घ्या, आरोग्य उपकेंद्रातल्या कंत्राटी सिस्टर आणि कार्यालयातले भाऊसाहेब यांच्यात संवाद साधारण असा चालतो:

‘सिस्टर, उद्या तुमचा खंड आहे. उद्या तुम्ही नाहीत.’

‘अहो भाऊसाहेब, उद्या लसीकरण आहे. बाया लेकरं घेऊन येणार.’

‘मग करा की! लसीकरणाला कुठं खंड आहे? फक्त मस्टरवर सही करू नका.’

म्हणजे सिस्टर उपकेंद्रात नसतात आणि लेकरांना सुया टोचत असतात. आईच्या हातातल्या कार्डावर तारीख पडते ती त्याच दिवसाची. शिवाय ‘मी कायम नोकरीवर हक्क सांगणार नाही’ असं हमीपत्र द्यायचं ते वेगळंच. नोटरीचे पैसे अर्थातच सिस्टरच्या पर्समधून.

बरं, ही युक्ती कायद्याला ठाऊक नाही म्हणावं तर तसंही नाही. अनुचित कामगार प्रथा रोखणारा कायदा महाराष्ट्राने 1971 सालीच केला. त्याच्या चौथ्या अनुसूचीतली सहावी बाब सांगते की, कायमपणाचे लाभ मिळू नयेत म्हणून कामगाराला वर्षानुवर्षं बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरता ठेवणं ही अनुचित प्रथा आहे. वर्णन इतकं हुबेहूब, की मसुदा लिहिणाऱ्याने आधी आस्थापना शाखेत उमेदवारी केली असावी. सर्वोच्च न्यायालयाने ही बाब 1995 मध्ये वनखात्याच्या मजुरांसाठी सरकारला वाचून दाखवली, 2009 मध्ये गाड्या धुणाऱ्यांसाठी एसटी महामंडळाला. दोन्ही वेळा सरकारपक्षाने मन लावून ऐकलं आणि परत येऊन पुढचे अकरा महिन्यांचे आदेश टाइप केले.

जास्तच ताणलं तर सरकारी वकील ‘उमादेवी’ बाहेर काढतात. 10 एप्रिल 2006 चा, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा हा निकाल. मागल्या दाराने आलेल्यांना कायम करता येणार नाही, असं तो सांगतो. खोली भाड्याने घेऊन स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या पोराच्या बाजूने पाहिलं तर ते रास्तही आहे. पण त्याच निकालाचा 53वा परिच्छेद म्हणतो की, मंजूर पदावर, पात्रता असताना, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षं राबलेल्यांना एकवार नियमित करून टाका. आमच्या कार्यालयांतली प्रत बहुधा 52व्या परिच्छेदाशीच फाटलेली असते.

20 डिसेंबर 2024 रोजी ‘जग्गो’ खटल्यात न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि प्रसन्न वराळे यांनी याच अर्धवट वाचनाबद्दल कान टोचले. 19 ऑगस्ट 2025 ला ‘धरमसिंग’ खटल्यात न्यायालयाने सांगितलं की, तिजोरीत खडखडाट आहे ही सबब दरवेळी चालणार नाही. योगायोग बघा, त्याच दिवशी राष्ट्रीय आरोग्य अभियानाचे कंत्राटी कर्मचारी राज्यभर बेमुदत संपावर गेले. मागणी काय, तर दहा वर्षं झालेल्यांच्या समायोजनाचा 14 मार्च 2024 चा शासन निर्णय शासनाने पाळावा! शासनाने शासनाचं ऐकावं म्हणून लोकांना संप करावा लागतो, याला म्हणतात लोकशाही.

निर्णय निघाला तरी फाईल झोपतेच, आणि आमच्या जिल्ह्याला निद्रेचं शास्त्र नवं नाही. तुळजापूरची भवानी वर्षातून तीनदा पलंगावर निजते: घोरनिद्रा, श्रमनिद्रा आणि मोहनिद्रा. मात्र निजायची तिथी ठरलेली आणि सिंहासनावर परतायचीही. सिस्टरच्या समायोजनाच्या फाईलला तिन्ही निद्रा लाभतात. जिल्ह्यात ती श्रमनिद्रेत असते, संचालनालयात घोरनिद्रेत आणि वित्त विभागात गेल्यावर तिला मोह आवरत नाही. उठायची तिथी मात्र कुठल्याच पंचांगात नाही.

तरी शासन निष्ठुर नाही. एक दिवस कायम पदांची जाहिरात खरंच निघते आणि सिस्टर आशेने वाचायला घेतात. कमाल वय: खुला प्रवर्ग 38, मागासवर्गीय 43. आपलं वय उलटलं ते याच खात्याची लसीकरणं करताना, हे लिहायला अर्जात रकाना नसतो. त्या विचारायला जातात, तर भाऊसाहेब आपुलकीने म्हणतात, ‘अनुभवाचं प्रमाणपत्र जोडा ना. पण सिस्टर, यात सगळीकडं एकेक दिवसाचा खंड दिसतोय. त्या दिवशी कुठं होतात?’